मेज आणि रिंगण

खेळ म्हटला की रिंगण आलेच. खो-खोच्या मैदानावर फक्कीची रेषा आखलेली असते. सोंगट्यांचा पट उलगडला की घरातल्या जमिनीचा तेवढा चौकोन घरापासून वेगळा होतो. सागरगोटे खेळणाऱ्या मुली ओट्याच्या ज्या कोपऱ्यात बसतात, त्या कोपऱ्यातून जाणाऱ्या मोठ्या माणसालाही पाय आवरून घ्यावा लागतो. योहान हायझिंगा या डच इतिहासकाराने १९३८ साली प्रसिद्ध केलेल्या ‘होमो लुडेन्स’ या ग्रंथात खेळाचे जे लक्षण सांगितले, त्यात ही गोष्ट प्रमुख आहे. खेळाला स्वतःची जागा असते, स्वतःचा काळ असतो, आणि त्या मर्यादेच्या आत बाहेरच्या जगाचे नियम तात्पुरते थांबलेले असतात. मर्यादा मोडली की खेळही मोडतो.

संगणकावरील खेळाचा इतिहास सांगणारे बहुधा चित्रे कशी सुधारली, रंग किती वाढले, गती किती आली हेच सांगतात. मला येथे निराळ्या आणि वरवर पाहता क्षुल्लक वाटणाऱ्या बाबीचा इतिहास सांगावयाचा आहे. संगणकावर खेळ मांडला असता त्या पडद्यावरच्या इतर वस्तू, म्हणजे खालची टास्कबार नावाची पट्टी, कोपऱ्यातले घड्याळ, मधूनच वर येणाऱ्या सूचना, झाकावयाच्या कशा, हा प्रश्न गेली तीस वर्षे खेळणाऱ्यांना आणि खेळ रचणाऱ्यांनाही सतावीत आहे. हे रिंगण संगणकाच्या खेळाला प्रारंभी लाभलेले होते, मध्यंतरी ते गेले, आणि मग मोठ्या खटपटीने ते पुन्हा मिळवावे लागले. त्या गमावण्या-मिळवण्याची ही हकीकत आहे.

अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स तंत्रसंस्थेत १९६१ साली पीडीपी-१ नावाचा संगणक आला. त्याला एक गोल पडदा जोडलेला होता. स्टीव्ह रसेल आणि त्यांचे मित्र यांनी १९६२ साली त्यावर ‘स्पेसवॉर’ नावाचा खेळ रचला. दोन अवकाशयाने, मध्ये ओढून घेणारा एक तारा, आणि मागे पीटर सॅमसन यांनी बसविलेले खरोखरीच्या आकाशाचे नक्षत्रपट, एवढेच त्या पडद्यावर असे. झाकावे असे दुसरे काहीच तेथे नव्हते. संगणक एका वेळी एकच काम करी, आणि त्या घटकेला त्याचे काम म्हणजे खेळ.

तरीही त्या पहिल्या खेळाला बाहेरचा उपद्रव झालाच, आणि तो कसा झाला हे पाहण्यासारखे आहे. यान चालविण्यासाठी सुरुवातीस संगणकाच्या मुख्य फळीवरचेच खटके वापरीत असत. पडदा एका बाजूस असल्यामुळे एका खेळाडूस तो अधिक चांगला दिसे, हा एक अन्याय होता. पण त्याहून मोठे संकट असे, की एका शांत चालकासाठी केलेल्या जागेत दोन उत्तेजित योद्धे दाटीवाटीने उभे राहत; आणि धांदलीत एखाद्याचा अंगठा अस्त्राच्या खटक्याऐवजी शेजारच्या ‘स्टार्ट’ नावाच्या खटक्यावर पडला, की रंगलेला डाव, याने आणि तारे यांसह क्षणात नाहीसा होई. त्या मंडळींपैकी मार्टिन ग्रेट्झ यांनी पुढे ही आठवण लिहून ठेवली आहे. यावर ॲलन कोटॉक आणि बॉब सॉन्डर्स यांनी तोड काढली. त्यांनी हाताशी असलेल्या सामानातून दोन वेगळ्या लहान पेट्या तयार केल्या आणि खेळाडूंना यंत्राच्या फळीपासून दूर नेऊन बसविले. यंत्राचा कारभार एकीकडे, खेळाचा हात दुसरीकडे. या गोष्टीतला ‘स्टार्ट’ हा शब्द वाचकांनी ध्यानात ठेवावा. तेहतीस वर्षांनी तो याच कामी पुन्हा भेटणार आहे.

पुढचे दशक या दृष्टीने निर्वेध गेले. १९७२ साली अटारी कंपनीचा ‘पाँग’ निघाला तेव्हा तो एका उभ्या पेटीत बसविलेला होता. वर पडदा, खाली फिरवावयाच्या दोन मुठी आणि नाणे टाकण्याची फट. त्या पेटीला दुसरे कोणतेच काम नव्हते. १९८१ च्या ऑगस्टमध्ये आयबीएमचा घरगुती संगणक आला, तेव्हा त्यातील डॉस नावाची व्यवस्थाही, खेळ सुरू झाला की, स्वतः बाजूला होऊन सारे यंत्र त्याच्या स्वाधीन करी. पडदा, ध्वनी, कळफलक आणि ६४० किलोबाइटांची ती प्रसिद्ध स्मृती, सारे काही खेळाचे. उलट, हौशी खेळाडू आणखी पुढे जात. एकेका खेळासाठी ते निराळी फ्लॉपी तयार करून ठेवीत आणि तिच्यावरून संगणक सुरू करीत, म्हणजे खेळाला न लागणारे उपकार्यक्रम स्मृतीत शिरणारच नाहीत. घर झाडून, सामान बाहेर काढून मग बैठकीला बसावे, तसा हा प्रकार होता. १० डिसेंबर १९९३ रोजी प्रसिद्ध झालेला ‘डूम’ हा खेळ याच परंपरेतला. त्याचा पडदा हा त्याचाच पडदा होता.

मग रिंगण मोडले कोठे? ते मोडले कचेरीत. झेरॉक्स कंपनीच्या पालो आल्टो येथील संशोधनशाळेत १९७३ साली ‘आल्टो’ नावाचा संगणक तयार झाला, आणि त्या शाळेतील विचारांतून १९८१ च्या एप्रिलमध्ये ‘स्टार’ नावाचे यंत्र विक्रीस आले. या यंत्राच्या कर्त्यांनी पडद्याला एक रूपक दिले. पडदा म्हणजे कचेरीतले मेज. त्यावर कागद ठेवलेले, फायली ठेवलेल्या, एक येणाऱ्या टपालाची टोपली, एक जाणाऱ्या टपालाची टोपली. मी केंद्र सरकारच्या एका कचेरीत लेखनिक आहे. त्यामुळे जगातल्या कोट्यवधी लोकांनी ज्या चित्राकडे जन्मभर पाहावयाचे, ते चित्र माझ्यासारख्याच्या मेजावरून उचललेले आहे हे प्रथम वाचले तेव्हा मला किंचित अभिमान वाटला, आणि मागोमाग किंचित खेदही. कारण मेजाचा धर्मच असा आहे की ते कधी एका कामाचे राहत नाही. एक फाईल उघडावी तो दुसरी येऊन पडते. एकाचे उत्तर लिहीत असता दुसऱ्याचे स्मरणपत्र येते. एका वेळी अनेक खिडक्या उघड्या असाव्यात, त्या एकमेकींवर पडाव्यात, आणि कोणतीही केव्हाही वर आणता यावी, ही सोय कामासाठी उत्तम होती. खेळासाठी मात्र ती घातक होती. रिंगणात एकाच गोष्टीला स्थान असते, आणि मेजावर सर्वांना.

जानेवारी १९८४ मध्ये ॲपलच्या मॅकिंतॉशने हे मेज घराघरांत नेण्यास आरंभ केला. मायक्रोसॉफ्टच्या ‘विंडोज’ची पहिली आवृत्ती १९८५ च्या नोव्हेंबरात निघाली; मे १९९० मधील तिसऱ्या आवृत्तीने तिला खरा प्रसार मिळवून दिला. या तिसऱ्या आवृत्तीबरोबर पत्त्यांचा ‘सॉलिटेअर’ हा खेळ फुकट मिळे. तो वेस चेरी या उमेदवारी करणाऱ्या तरुणाने लिहिला होता, आणि पत्त्यांची चित्रे सुझन केअर यांनी काढली होती. सॉलिटेअर हा मेजावरचाच खेळ. तो पूर्ण पडदा मागत नाही. चार कागदांमध्ये पाचवा होऊन बसतो. त्यामुळेच तो कचेऱ्यांतून इतका पसरला.

येथे आपल्या कथेला एक उलटा फाटा फुटतो, आणि तो सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. खेळणारा मेज झाकू पाहत होता, तसाच कचेरीत खेळणारा खेळ झाकू पाहत होता. १९८० च्या दशकातील काही खेळांत एक खास कळ ठेवलेली असे. साहेब येताना दिसले की ती दाबावी. डाव नाहीसा होऊन पडद्यावर एखादा गंभीर आलेख किंवा हिशेबाचे पान उभे राही. तिला ‘बॉस की’ म्हणत. आपण ‘साहेब-कळ’ म्हणू. सिएरा कंपनीच्या १९८७ सालच्या ‘लेझर सूट लॅरी’ या खेळात अशी कळ होती. चेरी यांनी सॉलिटेअरमध्येही ती घातली होती, पण प्रसिद्ध करण्यापूर्वी ती काढून टाकण्यास त्यांना सांगण्यात आले. तिच्या अभावाचे मोल एका लेखनिकाला भरावे लागले. न्यूयॉर्कचे महापौर मायकेल ब्लूमबर्ग हे आल्बनी येथील आपल्या नगरप्रशासनाच्या कचेरीत गेले असता एका कर्मचाऱ्याच्या पडद्यावर त्यांना सॉलिटेअरचा डाव मांडलेला दिसला, आणि त्या गृहस्थाची नोकरी गेली. २००६ साली ही हकीकत वृत्तपत्रांतून बरीच गाजली. शिस्तीच्या बाजूने मी येथे काही बोलणार नाही आणि विरुद्धही बोलणार नाही. परंतु ज्या पडद्यावर टपालाची टोपली आणि पत्त्यांचा डाव शेजारी शेजारी ठेवण्याची सोय निर्मात्यानेच करून दिली, त्या पडद्यावर दोन जगांची सरमिसळ झाली तर तो दोष एकट्या खेळणाऱ्याचा नव्हे, एवढे म्हणावयास हरकत नसावी.

२४ ऑगस्ट १९९५ रोजी ‘विंडोज ९५’ आले आणि हा झगडा उघडा पडला. या आवृत्तीने पडद्याच्या तळाशी एक कायमची पट्टी बसविली, तीच टास्कबार. तिच्या डाव्या टोकाला एक कळ होती, आणि त्या कळेवर लिहिलेले होते ‘स्टार्ट’. १९६२ साली ज्या नावाच्या खटक्यापासून खेळाडूंना दूर नेण्यासाठी वेगळ्या पेट्या कराव्या लागल्या, तेच नाव आता प्रत्येक पडद्याच्या कोपऱ्यात येऊन बसले. एवढ्यावर भागले नाही. त्याच्या आदल्या वर्षी, म्हणजे १९९४ साली, मायक्रोसॉफ्टने काढलेल्या ‘नॅचरल’ कळफलकावर कंट्रोल आणि ऑल्ट या दोन कळांच्या मधोमध एक नवी विंडोज-कळ बसविण्यात आली होती, आणि ती दाबली की हीच स्टार्टची यादी उघडे. खेळात डाव्या हाताची बोटे नेमकी याच दोन कळांवर सतत नाचत असतात. बोट जरासे घसरले की युद्ध राहते बाजूला आणि समोर यादी उभी. ग्रेट्झ यांच्या मित्राचा अंगठा जेथे घसरला होता, तेथेच जगभरच्या मुलांची करंगळी घसरू लागली. यावरची तोडही जुन्या वळणाचीच निघाली. खेळासाठी म्हणून जे खास कळफलक विकले जाऊ लागले, त्यांत ही कळ तेवढ्यापुरती बंद करण्याची सोय असते. वेगळी पेटी करण्याऐवजी तोच खटका बांधून ठेवावयाचा, एवढाच फरक.

टास्कबार झाकण्याची सोय विंडोज ९५ मध्येच होती. ‘ऑटो हाइड’ ही खूण केली की पट्टी कडेखाली दडते आणि माऊस कडेला नेला की वर येते. कागदपत्रे वाचणाऱ्याला हे सोयीचे आहे. पण पटावर सैन्य चालविण्याचे जे खेळ असतात, त्यांत नकाशा पुढे सरकविण्यासाठी माऊस पडद्याच्या कडेलाच न्यावा लागतो. असा खेळ खिडकीत उघडून ती पडदाभर पसरली, तर दक्षिणेकडे सैन्य नेऊ पाहावे तो पट्टी वर येणार. लपविलेली वस्तू आणि नसलेली वस्तू यांत अंतर आहे, हे येथे उत्तम कळते.

म्हणून खेळ रचणारे विंडोजमध्ये यावयास तयारच नव्हते. डॉसमध्ये त्यांना सारा पडदा मिळत होता. येथे मेजाचा एक तुकडा मिळणार, आणि तोही इतरांच्या मर्जीने. ही अडचण ओळखून मायक्रोसॉफ्टमधील क्रेग आयस्लर, ॲलेक्स सेंट जॉन आणि एरिक एंगस्ट्रॉम या तिघांच्या पुढाकाराने १९९५ च्या सप्टेंबरात ‘डायरेक्टएक्स’ ही साधने प्रसिद्ध झाली. त्यांपैकी पडद्याच्या भागात एक व्यवस्था होती, तिचे नाव ‘एक्सक्लुझिव्ह’, म्हणजे एकाधिकार. खेळाने तो मागितला की मेज बाजूला सरे आणि पडद्याचा ताबा खेळाकडे जाई. चित्राची दोन पाने ठेवावयाची, एक दिसत असता दुसरे पडद्याआड रंगवावयाचे आणि नेमक्या क्षणी पान उलटावयाचे, ही युक्ती त्यामुळे विंडोजमध्येही पूर्णपणे साधू लागली. टास्कबार झाकली जाणे हा या व्यवस्थेचा केवळ दृश्य परिणाम होता. तिचे मर्म अधिकाराच्या हस्तांतरात होते.

या अधिकाराची किंमतही होती. त्या काळच्या काचेच्या जड पडद्यांवर खेळ सुरू होताना ‘खट्’ असा आवाज येऊन क्षणभर काळोख होई, कारण चित्राची मोजमापे बदलत. ऑल्ट आणि टॅब या कळा दाबून मध्येच मेजाकडे जावे तर पुन्हा तोच काळोख. कित्येकदा परतीच्या वाटेवर खेळच कोसळे. ज्यांचे लहानपण त्या यंत्रांसमोर गेले, त्यांना या काळोखाची धाकधूक आठवत असेल. १८७६ साली बायरॉइट येथे रिचर्ड वाग्नर यांनी आपले नाट्यगृह उघडले, तेव्हा प्रेक्षागृह अंधारे केले आणि वाद्यवृंदही रंगमंचाच्या खाली नजरेआड बसविला, हेतू हा की, प्रेक्षकाला रंगमंचावाचून दुसरे काही दिसू नये. त्या अंधारातल्या प्रेक्षकाला मध्येच उठून बाहेर जाणे अवघड. तसेच या एकाधिकारातल्या खेळाडूचे झाले. रिंगण मिळाले, पण त्याला दार राहिले नाही.

यातून पुढे तडजोडीचा मार्ग निघाला. खेळ खिडकीतच चालवावा, पण त्या खिडकीची चौकट काढून ती पडद्याएवढी पसरावी, म्हणजे मेज तिच्याखाली झाकले जाईल आणि ये-जा करतानाही काळोख होणार नाही. जानेवारी २००७ मध्ये विंडोज व्हिस्टा सर्वसामान्यांच्या हाती आले. तेव्हापासून प्रत्येक खिडकी आपले चित्र निराळ्या पानावर रंगवी आणि ती सारी पाने एकत्र जुळवून पडद्यावर मांडण्याचे काम एक वेगळा कार्यक्रम करू लागला. पुढे विंडोज १० मध्ये तर अशी योजना आली, की खेळाने एकाधिकार मागावा, व्यवस्थेने ‘दिला’ म्हणावे, आणि प्रत्यक्षात त्याला चौकट नसलेली एक मोठी खिडकी द्यावी. खेळाची समजूत अशी की पडदा माझा. वस्तुतः मेज त्याच्याखाली जागेच असते. वेदान्त्यांना दृष्टान्तासाठी रज्जू आणि सर्प पुरले; आजच्या निरूपणकाराला हाही एक चालून जाईल.

मेज जागे राहिले म्हणजे ते बोलणारच. २००१ सालच्या विंडोज एक्सपीमध्ये कोपऱ्यातून फुग्याच्या आकाराच्या सूचना वर येत. अमुक जोडले गेले, तमुक जुने झाले, आणखी काही तयार आहे. व्हिस्टापासून कार्यक्रमांना व्यवस्थेकडे अशी पृच्छा करता येऊ लागली की, या क्षणी समोरचा मनुष्य पूर्ण पडद्यावर खेळत आहे काय, किंवा लोकांसमोर व्याख्यान देत आहे काय. तसे असल्यास बोलू नये. खेळणारा आणि व्याख्याता यांना एकाच यादीत बसविले, ही गोष्ट मला फार अर्थपूर्ण वाटते. दोघांच्याही एकाग्रतेला व्यत्ययापासून संरक्षण देण्याइतकी प्रतिष्ठा आहे, हे त्यात मान्य झाले. २०१८ सालच्या विंडोज १० च्या आवृत्तीत ‘फोकस असिस्ट’ ही सोय आली. पूर्ण पडद्यावरचा खेळ सुरू होताच सूचना आपोआप गप्प होत. ॲपलच्या मॅकवर २०२३ साली ‘गेम मोड’ आला. खेळ पडदाभर पसरला की यंत्राची शक्ती त्याला अग्रक्रमाने मिळते.

परंतु बाहेरच्यांना दाराशी थोपवीत असतानाच आतल्यांनी गलबला मांडला. २००५ साली आलेल्या एक्सबॉक्स ३६० या यंत्राने खेळातल्या लहानमोठ्या पराक्रमांसाठी पदकांच्या सूचना देण्याची पद्धत सार्वत्रिक केली. आता मित्र आला, मित्र गेला, अमुक पदक मिळाले, तमुक वस्तू विक्रीस आली, अशा सूचना खेळाच्या अंगणातच उगवतात. काही रचनाकारांनी मात्र उलट वाट धरली. २००८ सालच्या ‘डेड स्पेस’ या खेळात नायकाच्या जिवाची शिल्लक पडद्याच्या कोपऱ्यात आकड्यांनी न दाखविता त्याच्या पोशाखाच्या पाठीवरील प्रकाशपट्टीने दाखविली आहे. मेज तर झाकलेच, पण खेळाची स्वतःची वहीदेखील त्यांनी खेळाच्या जगात विरघळवून टाकली.

येथवरचा इतिहास वाचून कोणालाही वाटेल की झाकणे हे निरपवाद चांगले. मलाही तसेच वाटत होते. ते मत बदलण्यास एक लहानसा प्रसंग कारण झाला, आणि त्यात दोष सर्वस्वी माझा होता.

येथल्या आमच्या मराठी मंडळाच्या ग्रंथालयात एक संगणक आहे. रविवारी सकाळी मुले त्यावर खेळतात; इतर दिवशी सभासद पत्रे आणि लेख टंकतात. पळण्यासाठी शिफ्टची कळ वापरावयाची असा एक खेळ मुलांच्या आवडीचा होता. ती कळ लागोपाठ पाच वेळा दाबली की पडद्यावर ‘स्टिकी कीज’ या नावाची चौकट येई, खेळ मागे पडे, आणि मुले ओरडत. संगणकातले मला कळते अशी मंडळात माझी कीर्ती असल्यामुळे मुलांनी माझ्याकडे धाव घेतली. ही चौकट म्हणजे निव्वळ उपद्रव असे समजून मी तिची वाट कायमची बंद केली आणि मुलांचा धन्यवाद घेतला.

त्या आठवड्यात मंडळाच्या नियतकालिकासाठी एक लेख आला. त्यासोबतच्या चिठ्ठीत लिहिले होते, ‘सोबत माजा लेक पाटविला.’ मी प्रथम हसलो. मग नाव पाहिले. त्या बाई निवृत्त शिक्षिका. अर्धांगाच्या झटक्यानंतर त्यांचा उजवा हात गेला, आणि डावाही पूर्ण वळत नाही. इन्स्क्रिप्ट या देवनागरी कळफलकावर क, ज, ट ही अक्षरे साध्या कळांवर आहेत. ख, झ, ठ हवे असल्यास शिफ्ट दाबून धरून तीच कळ दाबावी लागते. दोन कळा एकदम दाबणे ज्याला शक्य नाही, त्याचे बहुतेक महाप्राण गेलेच. त्यांच्यासाठीच ती चौकट होती. तिच्या साहाय्याने शिफ्ट आधी दाबून सोडता येते आणि अक्षर मागाहून दाबता येते. बाई रोज येऊन पाच वेळा शिफ्ट दाबीत, आपले लिहीत, आणि जाताना ती सोय बंद करून जात. मी त्यांच्या घराचा जिनाच काढून नेला होता. त्यांनी कोणाकडे तक्रार केली नव्हती. यंत्र बिघडले असावे असे समजून जेवढे उमटले तेवढे पाठवून दिले होते.

मग मी या चौकटीचा इतिहास वाचला. विस्कॉन्सिन विद्यापीठातील ट्रेस केंद्रात ग्रेग व्हँडरहायडन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अपंगांना संगणक वापरता यावा म्हणून ज्या सोयी घडविल्या, त्यांपैकी ही एक. विंडोज ९५ मध्ये ती मूळ व्यवस्थेचाच भाग झाली. पाच वेळा शिफ्ट हा मार्ग ठेवण्याचे कारण उघड आहे. ज्याला यादीतून यादीत शिरणे कठीण, त्याला एका बोटाने ती सुरू करता यावी. आणि खेळ रचणाऱ्यांना मायक्रोसॉफ्टने याविषयी जे मार्गदर्शन केले आहे, ते वाचून मला माझी चूक नेमकी उमगली. त्याचे तात्पर्य असे : खेळ चालू असेपर्यंत हा मार्ग बंद ठेवावा, खेळ संपताच पूर्वी होता तसा करून द्यावा, आणि ही सोय आधीपासून चालूच असेल, तर तिला हात लावू नये, कारण समोरच्या माणसाला बहुधा तिची गरज आहे. मी याच्या नेमके उलट केले होते. एका सकाळीच्या खेळासाठी आठवड्याचे सहा दिवस बंद करून टाकले होते.

वेगळ्या पेट्या करणाऱ्या त्या १९६२ च्या तरुणांनी यंत्रावरचा स्टार्टचा खटका उपटून काढला नव्हता. तो ज्याच्या कामाचा होता, त्याच्यासाठी तो जागच्या जागी होता. खेळणारे तेवढे दूर जाऊन बसले. मैदानावरील फक्कीचेही तसेच आहे. सामना असेतो तिचा शब्द अखेरचा, आणि संध्याकाळी त्याच मैदानावरून लोक बाजारातून घरी जातात. पडदा माझ्या एकट्याचा नसतो. घरात तो दुसऱ्याचा असतो, मंडळात सर्वांचा असतो, आणि कचेरीत तर तो माझा कधीच नसतो. खेळाला एकांत मिळावा हा आग्रह रास्त आहे. साठ वर्षे त्यासाठी बुद्धिमान माणसे खपली, ती उगाच नव्हे. पण जी वस्तू मी झाकतो, ती दुसऱ्या कोणाची काठी नाही ना, हे पाहून घेण्याची जबाबदारी झाकणाऱ्याची आहे.

दुसऱ्या दिवशी कचेरी सुटल्यावर मी ग्रंथालयात गेलो आणि ती वाट पूर्ववत केली. बाईंची क्षमा मागितली. त्यांनी लेखाची प्रत परत मागून घेतली आणि साऱ्या ख, झ, ठ स्वतःच्या हाताने भरल्या. मुलांसाठी संगणकावर त्यांचे निराळे खाते उघडून दिले आहे. त्यात खेळताना चौकट येत नाही. रविवारी खेळ संपला की त्या खात्यातून बाहेर पडावयाचे, हा नियम त्यांना सांगितला आहे. आतापर्यंत तो ती पाळीत आहेत.